विष आत गेलंच नव्हतं

मित्रांनो, मी एक जुना अडथळा आहे. महामार्गावर पिंपं मांडून उभा करतात तसला नव्हे. माझं पूर्ण नाव रक्त-मेंदू अडथळा. मला हे नाव मुळीच आवडत नाही. अडथळा म्हणजे वाटेत येणारी नकोशी गोष्ट. जन्मभर राखण करायची आणि नाव मात्र असं! पण ते ठेवताना मला कोणी विचारलं नाही.

मी सगळ्यांच्या डोक्यात असतो, तुमच्याही. ही हकिकत मात्र राहीबाईच्या डोक्यातली आहे. आंबेनळी घाटाच्या पायथ्याजवळ एका वाडीत ती राहते. वय साठीला टेकलेलं. घरची भाताची खाचरं, दोन म्हशी, आणि सदू नावाचा नवरा. मुलगा हर्षद बिरवाडीला खोली घेऊन कारखान्यात कामाला जातो. सून प्रियदर्शिनी सासूसासऱ्यांजवळ वाडीतच असते.

राहीबाई तिच्या आईच्या पोटात होती तेव्हाच मी घडायला लागलो. तिच्या इवल्याशा मेंदूत रक्ताच्या नळ्या शिरत होत्या, केसाहूनही कितीतरी बारीक. शरीरात इतर ठिकाणी अशा नळ्यांच्या भिंतींना फटी असतात. रक्तातलं पुष्कळ काही त्या फटींतून पाझरतं आणि त्यानं बिघडत नाही. मेंदू तसा नाही. त्याला थोडाही कचरा सोसत नाही. म्हणून तिथल्या नळ्यांच्या पेशी एकमेकींना इतक्या घट्ट चिकटल्या की फट उरलीच नाही, आणि दुसऱ्या पेशींनी बाहेरून पाय रोवून त्यांना आधार दिला. ती सगळी भिंत म्हणजे मी. मी कुठं एका जागी उभा नाही. मेंदूतल्या जवळजवळ प्रत्येक बारीक नळीला मी आतून लिंपलेला आहे.

प्राणवायूला मी अडवत नाही. साखरेसाठी माझ्याकडे खास दारं आहेत, कारण मेंदू तिच्यावरच चालतो. जंतू आले, कसली विषारी घाण आली, की मी त्यांना पुढं हाकलतो. राहीबाईच्या तळव्यात एकदा काटा मोडला आणि पाय पोटरीपर्यंत सुजला. अंगात ताप होता, रक्तात घाण होती, पण तिच्या मेंदूला मी त्याची झळ लागू दिली नाही. ती बरी झाली आणि सगळ्यांनी मलमाचं कौतुक केलं.

मी सगळंच अडवतो असं मात्र नाही. तेलात विरघळणारे बारीक कण माझ्या अंगातूनच पलीकडे जातात. राहीबाई सकाळी दाताला मिश्री लावते. त्यातला तंबाखूचा अंश माझ्या डोळ्यांदेखत आत शिरतो आणि मी बघत राहतो. याचा मला फार संताप येतो. उलट डॉक्टर मंडळींची तक्रार अशी, की मी त्यांची चांगली औषधंही आत सोडत नाही! शाळेच्या भिंतीवरच्या तक्त्यात हृदय असतं, फुप्फुसं असतात, मेंदूही असतो. मी कुठंच नसतो. असो. आता त्या दिवसाचं सांगतो.

भात पिवळं पडायला लागलं होतं. दिवसभर खाचराचा बांध सावरून राहीबाई थकली होती. ती नेहमीसारखी जमिनीवर गोधडी टाकून झोपली. झोपेत तिला मण्यार चावली. मण्यारीचे दात सुईच्या टोकासारखे असतात. ना दुखलं, ना सुजलं, ना खूण दिसली. तिला जागसुद्धा आली नाही.

विष मात्र रक्तात उतरलं आणि माझ्यापर्यंत आलं. त्याचे कण मोठे, बोजड होते. मी त्यांना तसूभरही जागा दिली नाही. ते पुढं वाहून गेले आणि जिथं नसा स्नायूंना हुकूम देतात, त्या टोकांवर जाऊन बसले. त्या टोकांवर माझा पहारा नसतो. तिथं माझं काही चालत नाही.

सकाळी राहीबाई पोट धरून उठली.

"पोटात लय कळ मारतेय गो," ती सुनेला म्हणाली.

"रात्रीची भाजी बाधली असंल," सदू म्हणाला. त्यानं ओवा आणून दिला.

ओव्यानं काय होणार? थोड्या वेळानं तिच्या पापण्या जड झाल्या.

"डोळं उघडत नायत."

"झोप पुरी झाली नाय तुजी. पड जरा," सदू म्हणाला आणि म्हशी सोडायला गेला.

मित्रांनो, झोप कसली! मेंदू टक्क जागा होता. तो पापण्यांना उघडा म्हणून सांगत होता आणि त्याचा हुकूम वाटेतच अडत होता. हे मला दिसत होतं, आणि मला तोंड नाही.

प्रियदर्शिनी सासूजवळ येऊन बसली. राहीबाईचा आवाज नाकातून यायला लागला होता, ओठांच्या कोपऱ्यातून लाळ गळत होती. सुनेनं पाण्याचा पेला तिच्या ओठाला लावला. पाणी गिळलं गेलं नाही, नाकातून बाहेर आलं. प्रियदर्शिनी ताडकन उठली.

"बाबा, हे पोटाचं दुखनं नाय! गाडी बोलवा आधी!"

शेजारच्यांची जीप निघाली. पोलादपूर मागं पडलं तोवर राहीबाईची छाती नीट हलेनाशी झाली. मेंदू प्राणवायू मागत होता. माझी वाट मोकळी होती, पण रक्तातून पुरेसा प्राणवायूच येत नव्हता. आणखी थोडा वेळ असं चाललं असतं, तर मेंदूही गेला असता आणि मीही फाटून गेलो असतो. प्रियदर्शिनीनं सासूला कुशीवर वळवून धरलं होतं आणि पदरानं तिच्या तोंडातली लाळ पुसून काढत होती. तेवढ्यानंच श्वासाची वाट उघडी राहिली.

महाडच्या रुग्णालयात डॉक्टर देवश्री होत्या. त्यांनी पापण्या पाहिल्या, पोटाचं ऐकलं आणि एकच गोष्ट विचारली.

"रात्री कुठं झोपल्या होत्या?"

"खाली, जमिनीवर," सदू म्हणाला.

"मण्यार चावलीय."

त्यांनी राहीबाईच्या घशात नळी घालून तिला श्वासाच्या यंत्राला जोडलं. विषावरची लस सुरू केली. प्राणवायू पुन्हा माझ्यापाशी येऊ लागला आणि मी त्याला भराभरा आत सोडलं. मेंदू सुखरूप राहिला.

माझी खरी तडफड इथून पुढं सुरू झाली.

दुसऱ्या दिवशी राहीबाईचं एक बोटसुद्धा हलत नव्हतं. लसीनं नवीन विष थांबलं होतं, पण आधीच इजा झालेली नसांची टोकं सावरायला वेळ लागतो. पापण्या मिटलेल्या. कोणी त्या उचलल्या तर डोळ्यांच्या बाहुल्या मोठ्या आणि स्थिर. उजेड टाकला तरी त्या आकसत नव्हत्या, कारण विषानं त्यांचे स्नायूही बांधून टाकले होते. बाहेरून बघणाऱ्याला ते प्रेत वाटलं असतं. आत राहीबाई शुद्धीवर होती. तिला यंत्राचा आवाज येत होता, घशातली नळी टोचत होती, पाठीखालची चादर चुरगळलेली कळत होती. मला कान नाहीत, पण तिच्या मेंदूत जे घडतं ते मला कळतं. आमचं घर एकच आहे.

त्या दिवशी मुंबईहून सदूचा पुतण्या राजेश आला. त्यानं काकूच्या पापण्या वर करून मोबाईलचा उजेड टाकला.

"काका, काकी गेली," तो म्हणाला. "आंखों में कुछ नाय. मी मोबाईलवर वाचलं, ह्याला ब्रेन डेड बोलतात. विष डायरेक्ट मेंदूत गेलंय."

मेंदूत! मी जिवाचा आटापिटा करून एक कण आत जाऊ दिला नव्हता, आणि हा माणूस तिच्या उशाशी उभा राहून असं सांगत होता. आत राहीबाईनं ते ऐकलं. मी मेलेली नाय, मी हितंच हाय, असं ती मनातल्या मनात ओरडत होती.

डॉक्टर देवश्रींनी सगळ्यांना बाहेर बसवून समजावलं. दार उघडंच होतं.

"हे विष मेंदूत जात नाही. मेंदूतल्या रक्तवाहिन्यांची भिंत फार घट्ट असते, ती त्याला अडवते. मावशींना सगळं ऐकू येत असणार. रात्री त्यांना त्रास होऊ नये म्हणून थोडं झोपेचं औषध देत आहोत. दिवसा त्यांच्याशी बोला."

झोपेच्या औषधाचं खरं होतं. ते तेलात विरघळणारं, ते मी आत जाऊ देत होतो. पहिल्यांदाच असं काही आत जाताना मला राग आला नाही.

पण बोललं कोण? सदू खाटेजवळ येई, तोंडाला टॉवेल लावी आणि निघून जाई. हर्षद कामावरून सुटून रात्री येई, तेव्हा ती औषधानं झोपलेली असे. गावाकडून माणसं येत. "सोन्यासारखी बाई होती," असं म्हणत. होती! तिच्या समोर! नातेवाइकांना कधी कळवायचं, वाडीत कोण थांबलंय, हे सगळं तिच्या अंगावरून चाले. फक्त प्रियदर्शिनी वाकून बोले.

"आई, म्हशींना मी चारा टाकून आलेय. तांबडी म्हस तुमची वाट बघतेय, दूध कमी देतेय. नाते गावाहून माजी आई येनार हाय तुमाला बघाया."

"कोनाशी बोलतेस तू?" राजेश म्हणे.

"माज्या सासूशी," ती म्हणे.

असे दोन दिवस गेले. तिसऱ्या दिवशी सकाळी राजेशनं सदूला खाटेपाशीच गाठलं.

"काका, कशाला हाल करताय तिचे? मशीननं छाती वरखाली होतेय फक्त. घरी नेऊ. आपल्या अंगनात तरी शांत होईल."

मी वाट बघत होतो, राहीबाईही बघत होती. चाळीस वर्षांच्या संसारातला तिचा माणूस काय म्हणतो ते ऐकायला तिचा सगळा जीव गोळा झाला होता.

"न्या," सदू म्हणाला. "घरी न्या तिला."

मित्रांनो, तिचं दुःख माझ्यावर येऊन आदळलं. दुःखाला बाहेर जाऊ देईल असं दार माझ्यात नाही. तिच्या मिटल्या पापणीतून पाणी ओघळलं आणि कानामागं गेलं. राजेश म्हणाला, "डोळे सुकू नयेत म्हनून औषध घालतात, त्याचं पानी हाय." सदूनं ते पुसलं आणि डॉक्टरांना सांगायला गेला.

डॉक्टर आल्या त्या रागातच. "यंत्र काढलं तर वाटेतच जीव जाईल. आणि जाईल तो शुद्धीवरच्या बाईचा. एवढं समजतंय का तुम्हाला?"

"पन म्याडम, ती हाय कुठं आत?" सदू म्हणाला.

डॉक्टरांनी पायाकडची चादर दूर केली. "ही ताकद परत येते तेव्हा कधी कधी बोटांत आधी दिसते. काल नव्हती. आज बघू." त्या प्रियदर्शिनीकडे वळल्या. "तुम्ही विचारा. तुमचा आवाज त्यांना ओळखीचा आहे."

प्रियदर्शिनी सासूच्या कानाशी वाकली. "आई, मी बोलतेय. आयकताय ना? उजव्या पायाचा आंगठा हलवा."

आत केवढी धांदल उडाली! मेंदूनं सगळं बळ त्या एका अंगठ्यावर लावलं. त्याला जेवढी साखर हवी होती तेवढी मी दारं भरभरून दिली. काहीच झालं नाही. राजेशनं मान हलवली.

"आई, हलवा ना. तुमी रागावल्या असाल तर रागानं हलवा."

अंगठा हलला. जेमतेम, पण हलला.

"असं होतं कधी कधी, आपोआप," राजेश म्हणाला.

"आई, आता मी सांगेन तवर हलवू नका," प्रियदर्शिनी म्हणाली. अंगठा निपचित राहिला. मग ती म्हणाली, "आता हलवा."

अंगठा हलला. सदू तिथंच फरशीवर बसला आणि त्यानं त्या पावलावर कपाळ टेकलं.

पुढच्या आठवड्यात राहीबाईच्या पापण्या उघडल्या, मान धरली, छाती आपली आपण हलू लागली. घशातली नळी निघाली तेव्हा तिचा आवाज खरखरीत झाला होता.

सदू जवळ आला. "राहे, वळखलंस का गो मला?"

"वळखलं. घरी न्या म्हनालात, ते बी आयकलं."

सदूचा चेहरा उतरला. "मला वाटलं तू गेलीस."

"मग मला इचारायचं."

"गेलेल्या मानसाला कसं इचारनार गो?"

"हिनं इचारलं न्हवं?" ती सुनेकडे बघून म्हणाली आणि तोंड भिंतीकडे फिरवलं.

राजेशचा मुंबईहून फोन आला. चमत्कार झाला, असं तो सगळ्यांना सांगत होता. कसला चमत्कार? लस होती, यंत्र होतं, एक हुशार डॉक्टर होती, पाणी पाजून बघणारी सून होती. आणि मी होतो. माझं नाव त्यानं घ्यायला नको, पण चमत्काराचं तरी कशाला?

हर्षद गाडी घेऊन आला आणि तिला घरी नेलं. महाड ते वाडी सगळ्या वाटेत राहीबाई बोलत होती. खाटेवर पडल्या पडल्या कोण काय म्हणालं, कोण रडलं, कोण नुसतं घड्याळ बघत होतं, सगळं तिनं सांगितलं. बोलताना मध्येच तिचा आवाज बसे, मग ती पाण्याचा घोट घेऊन पुन्हा सुरू करी. सदू शेजारी बसून ऐकत होता. त्यानं एकदाही तिला थांब म्हटलं नाही. घाटाचे डोंगर दिसायला लागले तेव्हा त्यानं हळूच तिचा हात हातात घेतला. तिनं तो सोडवून घेतला नाही, आणि बोलणंही थांबवलं नाही.

मित्रांनो, तुमच्या डोक्यातही मी दिवसरात्र उभा आहे. पावसाळ्यात खाटेवर झोपा, मच्छरदाणीच्या कडा गादीखाली खोचा, सकाळी कोणाच्या पापण्या उगाच मिटायला लागल्या तर ओव्यात वेळ घालवू नका. आणि कोणी निपचित पडलेलं दिसलं, तर त्याच्याविषयी बोलण्याआधी त्याच्याशी बोला. मला विष अडवता येतं. आत माणूस जागा आहे, हे बाहेर सांगणं मला जमत नाही. ते तुम्हालाच वाकून विचारावं लागेल.