तळहातावरची फुंकर

मेंदूच्या तापातून माझी द्वारकी वाचली, पण तिचे कान गेले. हे सरहद्दीवर तैनात, आणि आम्ही दोघी नगरच्या लष्करी क्वार्टरमध्ये. शेजारच्या मुलींत खेळून ती चार वर्षांची पोर माझ्याहून चांगली हिंदी बोलायची. आता तिचे शब्द एकेक करून विरत चाललेत. डॉक्टर म्हणाले, कानावर पडलं नाही की डोक्यातले आवाजही हळूहळू पुसले जातात.

शेजारच्या रामदुलारीनं सुचवलं, "दीदी, उसकी हथेली अपने मुँह के आगे रखो. 'क' में हवा कम लगती है, 'ख' में ज़ोर से. छूकर सीख लेगी."

मग रोज तिचा इवला तळवा ओठांशी धरून मी 'खाना, खाना' म्हणत बसायचे. माझ्या मराठी वळणाच्या हिंदीवरून रामदुलारी चिडवायची, "तुम्हारा 'खाना' सुनकर तो भूख मर जाए."

आज दुपारी मी भाकरी थापत होते. द्वारकीनं माझा पिठाचा हात ओढून स्वतःच्या तोंडासमोर धरला आणि त्यावर नुसती फुंकर मारली. आवाज नव्हताच. मग तिनं भाकरीकडे बोट दाखवलं आणि शाबासकीसाठी माझ्याकडे बघितलं.

मी तिच्या तळव्यावर नुसती हवाच शिकवली होती, तेवढंच ती शिकली होती. मी भाकरी कुस्करून तिला भरवली, पण 'खाना' म्हणायला माझं तोंड उघडेना.