पुढचा कप्पा

“माझ्या भावाचा पाय तुम्ही घालवलात, डॉक्टर,” म्हणत खाटकीणबाईने बोकडाची मांडी चौकशीच्या टेबलावर ठेवली.

समोर मोठे डॉक्टर, शेजारी चौकशी अधिकारी बाई. फाइलीत सगळं चोख होतं. गोदामातली पोत्यांची थप्पी मांडीवर कोसळलेला रुग्ण सकाळी आला, मांडी दिवसभर मऊ होती, रात्री अचानक पाय काळा पडला, दुसऱ्या डॉक्टरांना तो कापावा लागला. फाइलीप्रमाणे मोठे डॉक्टर त्या दिवशी वॉर्डात किंवा ऑपरेशनला फिरकलेच नव्हते. खापर दैवावर, दैव काही जाब द्यायला येत नाही. भावाला मात्र आठवत होतं, दुपारी मास्क लावलेलं कुणीतरी मांडी दाबून गेलं होतं.

“हे काय मटणाचं दुकान आहे?” डॉक्टर म्हणाले.

“दुकानात मी तोडलेल्या पायाचा हिशेब देते. तुम्ही तेवढाही दिला नाहीत.”

“बोला ताई,” अधिकारी बाई म्हणाल्या.

तिची सुरी दारावरच काढून घेतली होती. तिने पापुद्र्यात अंगठा घातला. मांस आपापल्या शिवणीवर सुटत गेलं, पुढचं, आतलं, मागचं. वीस वर्षं हेच काम. डोळे बांधले तरी ती चुकली नसती.

“तीन कप्पे. प्रत्येकावर ही चिवट पिशवी. आत सूज आली तरी पिशवी ताणली जात नाही, मांस आतल्या आत गुदमरतं. वेळेत पिशवी चिरली की सुटतं. भाऊ कळवळत होता, मांडीचा दगड झालाय म्हणून. तुमची माणसं गोळ्या देत बसली.”

“कुठून शिकून आलात हे?”

“दगड झाला तो हा कप्पा.” तिने आतल्या मांसावर बोट टेकवलं. “हा आतला.”

डॉक्टरांच्या कपाळाला आठी पडली. तीस वर्षं पोरांना शिकवलेला माणूस. चुकीचं उत्तर कानाला सहन होत नव्हतं.

“काहीतरीच. तो जांघेकडचा, त्याला काही झालं नव्हतं. पुढचा होता, गुडघ्याच्या वरचा. बोट रुतत नव्हतं तिथे.”

अधिकारी बाईंचं पेन थांबलं.

“हे तुम्ही केव्हा पाहिलंत, डॉक्टर?”

डॉक्टरांनी पाण्याचा ग्लास जवळ ओढला आणि तसाच धरून ठेवला.

खाटकीणबाईने हात फडक्याला पुसले, एकेक बोट, सावकाश.

“पुढचाच होता, मलाही ठाऊक होतं. बोट रुतत नव्हतं, हे दुपारीच कळलं होतं तुम्हाला. मग चिरलं का नाही? मी बसलेय. सांगा.”