गुडघ्यामागची शीर

चिमीच्या कामात अंदाजाला जागा नव्हती. डॉक्टर पेशंटविषयी जे लिहितात ते वाचायचं आणि हॉस्पिटलच्या नोंदींसाठी प्रत्येक दुखण्याला त्याचा ठरलेला आकडे-अक्षरांचा कोड लावायचा, एवढंच काम. ऐकायला सोपं, पण जुन्या जखमेचं प्रकरण आलं की भल्याभल्यांची भंबेरी उडायची. समजा, कुणाच्या पायाची शीर कधीकाळी तुटली, जोडली, माणूस चालायला लागला आणि पुष्कळ वर्षांनी त्याच पायाच्या घोट्याला न भरणारी जखम झाली. अशा वेळी आधी आजच्या दुखण्याचा कोड लावायचा आणि त्याच्यामागे जुन्या जखमेचा, शेवटी एस हे अक्षर जोडून. अक्षराचा अर्थ इतकाच, की ती जखम कधीच भरली, पण तिनं मागे ठेवलेलं अजून चालू आहे. मध्ये किती वर्षं गेली याला मर्यादा नाही. अट एकच: हे त्यामुळे झालं, असं डॉक्टरांनी स्वतः लिहिलेलं हवं. नसेल तर त्यांना विचारता येतं, पण त्यांच्या तोंडी शब्द घालून नाही. ‘कारण काय?’ असं विचारायचं आणि गप्प बसायचं.

गप्प बसणं चिमीला ऑफिसात जमायचं, घरी नाही. पंचेचाळिशी उलटली, हाताखाली माणसं आली, तरी वडिलांनी ठेवलेलं नाव सुटलं नाही आणि वडिलांशी हुज्जत घालणंही सुटलं नाही. हल्ली हुज्जतीचा विषय एकच होता, बाबांचा डावा पाय. घोट्यावरची कातडी काळवंडलेली, आत जखम, ती काही केल्या भरेना. पाय छातीपेक्षा उंच ठेवून पडून राहा, असं डॉक्टरांनी बजावलं होतं. बाबा दिवसभर शहाण्यासारखे पडून राहायचे. संध्याकाळ झाली की मात्र उशा पलंगाखाली सरकवायच्या, बँडेजवर लांब मोजा चढवायचा, फुलपँट घालायची आणि पाय खाली सोडून टेबलाशी बसायचं. कारण संध्याकाळी कप्तानकाका रमी खेळायला यायचे. ते जाईपर्यंत पाय टम्म सुजलेला असायचा.

कप्तानकाका आणि बाबा विजेच्या तारा दुरुस्त करणाऱ्या एकाच टोळीत होते. बाबा खांबावर चढायचे, काका गाडी चालवायचे आणि सीटवर बसून सगळ्यांना हुकूम सोडायचे, म्हणून कप्तान. चिमी शाळेत असताना एकदा त्यांनी गाडी मागे घेतली आणि बाबांचा पाय गाडी आणि खांबाच्या मध्ये सापडला. गुडघ्यामागची मोठी शीर तुटली. पाय वाचला हेच नशीब. काकांनी त्यानंतर स्टिअरिंगला हात लावला नाही, बदली मागून ते स्टोअरमध्ये जाऊन बसले. ते तोंड लपवू लागले तेव्हा, चालता येऊ लागताच, बाबा स्वतः त्यांच्या घरी गेले आणि म्हणाले, “काही नाही राहिलेलं. ठणठणीत आहे मी.” थाप एकदा मारली की सांभाळावी लागते. बाबांनी ती त्याच पायावर सांभाळली, लंगडणंसुद्धा गिळून टाकलं. आता तर काकू गेल्यापासून काकांना संध्याकाळी जायला दुसरं दार नव्हतं, आणि खरं सांगायचं तर बाबांकडेही दुसरं कुणी येत नव्हतं.

एके दिवशी चिमीपुढे एक फाइल आली. सवयीनं तिनं आधी डॉक्टरांचा मजकूर वाचला. सोनोग्राफीत गुडघ्यामागची खोल शीर अरुंद दिसते. गुडघ्यामागे जुना व्रण. विचारल्यावर, गळू कापलं होतं असं पेशंट सांगतात. पूर्वी दुखापत नाही. फुगलेल्या वरच्या शिरा ऑपरेशननं बंद कराव्यात का, हे पुढच्या भेटीत ठरवू. मग चिमीनं नाव पाहिलं. ते बाबांचं होतं. घरच्या माणसाची फाइल हाताळायची नाही, असा नियम होता. तिनं ती शेजारच्या टेबलावर दिली आणि पाणी प्यायला उठली.

गळू! नळाशी उभं राहून तिला हसूही आलं आणि रडूही आलं. बाबांनी असं का सांगितलं हे तिला विचारावं लागलं नाही. दवाखान्यात त्यांच्याबरोबर जायचे ते कप्तानकाकाच; पाय उघडून तपासणं तेवढं पडद्याआड व्हायचं. डॉक्टरांनी विचारलं तेव्हा ते शेजारच्या खुर्चीत बसलेले असणार. ती काही डॉक्टर नव्हती, पण इतक्या फायली वाचून तिला एवढं कळत होतं, की खोल शीर निकामी असेल तर तिचा भार त्या फुगलेल्या शिराच वाहत असतात. त्याच बंद केल्या तर? फाइलीत वाचलेलं तिला बाहेर बोलता येत नव्हतं, आणि बाबांना सांगून उपयोग नव्हता. ‘त्याला आता या वयात ते कशाला आठवून द्यायचं?’ हे त्यांचं उत्तर ठरलेलं होतं. आणि त्यात तथ्य नव्हतं असंही तिला म्हणवेना. काका पुन्हा तोंड लपवून घरी बसले, तर दोन्ही म्हातारे एकटे पडणार होते.

संध्याकाळी काका निघाले तशी ती फाटकापर्यंत सोबत गेली.

“काका, बाबांचा पाय असा कशामुळे झाला असेल?” तिनं विचारलं. पुढचं सगळं जिभेवर आलेलं, पण ती गप्प राहिली.

“वय झालं, दुसरं काय,” काका म्हणाले. फाटकाची कडी त्यांनी काढली, पुन्हा लावली. “डॉक्टरांनी विचारलं होतं गं, पूर्वी काही लागलंय का. तो म्हणाला, गळू.”

“मग?”

“मला बरं वाटलं, पोरी. खोटं कशाला बोलू? त्यानं नाही म्हटलं आणि मी सुटलो. मानसुद्धा डोलावली.”

चिमीच्या तळपायाची आग मस्तकात गेली. तिनं वर पाहिलं, तर काका अजून ती कडी काढत-लावत होते.

“डॉक्टर जे ऐकतात त्यावरच ठरवतात, काका,” एवढंच ती म्हणाली.

पुढच्या भेटीला तिनं अर्ध्या दिवसाची रजा काढली आणि दोघांबरोबर दवाखान्यात गेली. डॉक्टरबाई सोनोग्राफी पुढ्यात घेऊन म्हणाल्या, “आजोबा, नीट आठवा. या पायाला पूर्वी कधी मार लागला होता का?”

“छे. काही नाही.”

काका उठून उभे राहिले. “मी गाडी मागे घेत होतो,” ते म्हणाले. “हा मागे होता. मी पाहिलं नाही. शीर तुटली होती याची. गळूबिळू काही नाही.”

“तुला कुणी विचारलं होतं?” बाबा एवढ्या जोरात ओरडले, की नर्स डोकावून गेली.

डॉक्टरबाईंनी सगळं लिहून घेतलं. वरच्या शिरांना आता हात लावायचा नाही, म्हणाल्या. रक्त त्यांच्यावाटेच परततंय. घट्ट बँडेज, औषध आणि पाय वर, सक्तीनं.

परतताना दोघं मित्र रिक्षात दोन बाजूंना तोंडं वळवून बसले. काका आपल्या कोपऱ्यावर उतरून मागे न बघता चालते झाले. संध्याकाळी नेहमीची वेळ टळून गेली. बाबा पलंगावर, पाय उशांवर, डोळे दाराकडे. “झालं तुझ्या मनासारखं?” त्यांनी विचारलं. चिमीला ते झोंबलं. पाय वाचवायला म्हणून बाबांचा एकुलता मित्र आपण घालवला, असं तिला वाटलं आणि ती स्वयंपाकघरात गेली.

काका आले तेव्हा अंधारायला लागलं होतं. ते दारातच थांबले. बाबांनी पाय खाली घेतला नाही. मोजा नव्हता, पँट गुडघ्यापर्यंत वर होती. ती काळी कातडी, ते बँडेज, काकांनी हे कधी पाहिलंच नव्हतं. ते खुर्ची ओढून पलंगाशी बसले आणि पायाकडे बघत राहिले.

“दुखतो का रे?”

इतक्या वर्षांत त्यांनी हे विचारलं नव्हतं. बाबांनी खिडकीकडे पाहिलं.

“दुखतो,” ते म्हणाले. “संध्याकाळी जास्त.”

“मग उद्यापासून सकाळी येतो,” काका म्हणाले आणि पत्ते पिसायला लागले.