पालथा पेला

“पालथा घाल!” व्यासपीठावरून श्वासगुरू गरजले.

प्लंबरने हातातला प्लास्टिकचा पेला सगळ्यांना दिसेल असा उंच धरला आणि पालथा घातला. एक थेंबही पडला नाही. तीनशे माणसांनी टाळ्यांचा कडकडाट केला. पुढच्या रांगेतली एक बाई तर हमसाहमशी रडायलाच लागली. शेवटच्या रांगेत बसलेल्या प्लंबरच्या थोरल्या बहिणीने मात्र मान फिरवली.

तो पेला तिच्या चांगल्याच ओळखीचा होता. भावाला ब्रॉन्किएक्टॅसिस होता. लहानपणी झालेल्या न्यूमोनियाने त्याच्या श्वासनलिका कायमच्या फुगून सैल पडल्या होत्या. त्यांत कफ साचायचा, सडायचा, आणि सडलेला कफ नलिकांची आणखी वाट लावायचा. रोज सकाळी डोकं उतरतं ठेवून पालथं झोपायचं, बहिणीने नाहीतर बायकोने हाताची ओंजळ करून पाठ थापायची, आणि जे काही हिरवं-पिवळं बाहेर पडेल ते त्या पेल्यात धरायचं. पेल्यावर मापाच्या रेघा होत्या. कधी दोन रेघा भरत, कधी पाच. त्या घरात सकाळी चहाच्या आधी “आज किती रेघा?” हाच प्रश्न निघायचा. अकरा वर्षं त्यांनी रेघाच मोजल्या होत्या. कमी रेघा म्हणजे चांगला दिवस, हे त्यांच्या अंगात इतकं भिनलं होतं की शून्य रेघा म्हणजे माणूस बरा झाला, असंच त्यांनी धरलं.

“हा कफ नव्हता, बाळांनो!” श्वासगुरू हात पसरून सांगत होते. “ही होती जन्मभर साचलेली वासना! मी ती आतल्या आत जाळतो. ना धूर, ना राख!”

“शेगडीसुद्धा नको,” बहीण पुटपुटली. शेजारी बसलेल्या भावजयीने तिला कोपराने ढोसलं. “ताई, निदान इथे तरी गप्प बसा हो.”

“आणि डॉक्टर काय म्हणतात?” गुरूंनी आवाज खाली आणला. “म्हणतात, दोन्ही फुफ्फुसं काढू आणि मेलेल्या माणसाची बसवू! सांग रे, मढ्याचा श्वास घेऊन जगणार तू?”

“नाही!” हॉल दणाणला. प्लंबरनेही मान हलवली. त्याच्या नाकातली ऑक्सिजनची नळी गुरूंनी स्वतःच्या हाताने काढून ठेवली होती आणि त्याचे ओठ जांभळे पडत चालले होते. गुरू त्याला ‘निळकमळासारखे ओठ’ म्हणाले. लोकांनी त्यालाही टाळ्या दिल्या.

“पुढच्या रविवारी रुग्णालयाच्या प्रत्यारोपणाच्या यादीतून नाव काढल्याचं पत्र आण, माझ्या पायाशी ठेव, आणि मोकळा हो. आता या शुद्ध झालेल्यांचे डोळे बघा! कसं तेज उतरलंय!”

व्यासपीठावर वीसेक माणसं ओळीने उभी होती. साऱ्यांचे डोळे काळेभोर, टपोरे. तेज सहन होत नाही म्हणून हॉलमधले दिवे मंद ठेवले होते.

बहिणीला ते डोळे कुठेतरी पाहिल्यासारखे वाटले. कुठे, ते मात्र आठवेना.

मंगळवारी ती भावाकडे गेली तेव्हा तो खिडकीकडे पाठ करून बसला होता. हातात नळाचा पितळी जोड होता.

“ताई, यावर अर्धा इंच लिहिलंय की पाऊण?”

ती चमकली. छताखालच्या अंधारात नुसत्या बोटांनी चाचपून जोडाचं माप सांगणारा माणूस, आणि भर दुपारी हे विचारतोय?

“तुला वाचता येत नाही?”

“जवळचं सगळं पुसट दिसतं. गुरू म्हणाले, दृष्टी आत वळलीय.”

“जीभ दाखव.”

जीभ पॉलिश पेपरसारखी कोरडी पडली होती. “लघवीला नीट होते का?”

“अडकते जरा. विष जळतंय म्हणाले.”

बहीण वीस वर्षं औषधांच्या दुकानात काम करत होती. डोळे तपासण्याआधी बाहुली मोठी करायचे थेंब तिने शेकडो वेळा दिले होते. थेंब घालून बाहेर आलेली गिऱ्हाइकं अशीच उजेडाला हात आडवा धरत, अशीच पावती लांब धरून बघत. व्यासपीठावरचं तेज तिला एकदम आठवलं. गेले बारा दिवस भाऊ घेत असलेल्या गुरूच्या चूर्णाची पुडी तिने उघडून बहिर्गोल भिंगाखाली धरली. नीट न कुटलेल्या बियांचे चपटे, तपकिरी तुकडे स्पष्ट दिसले.

“धोतरा आहे हा,” ती म्हणाली. “विष देतोय तो तुला!”

“काहीतरीच काय? मग कफ कसा थांबला?”

“थांबला नाही, आटला. यानं तोंड सुकतं, घसा सुकतो, छातीतला कफ सुकून चिकटून बसतो. जोडीला तुला झोप येते, खोकायचं भान राहत नाही. शिवाय पाठ थापायचीही त्याने बंद करायला लावलीन.” तिने भावाच्या पाठीला कान लावला. चिखलातून बुडबुडे यावेत तसा आवाज येत होता. “आता तूच सांग. मोरीचा पाइप तुंबला, खाली पाणी यायचं थांबलं, तर तू गिऱ्हाइकाला सांगशील का, की अभिनंदन, तुमचं सांडपाणी संपलं?”

प्लंबरने जोड खाली ठेवला. “जोड्याने मारतील मला,” तो म्हणाला. मग त्याला हुडहुडी भरली. भावजयीने ताप पाहिला. एकशे तीन होता.

रुग्णालयात त्याला सलाइन लावलं, वाफ दिली, खाट पायाकडून उंच केली. छातीच्या व्यायामाच्या बाई तास-दीड तास त्याची पाठ थापत होत्या. आधी काहीच येईना. मग एक दाट हिरवट लगदा आला, आणि त्यामागून जे सुरू झालं ते थांबेना. दोन पेले भरले, तिसरा लागला. बारा दिवस आत कोंडलेल्या घाणीचा वास खोलीभर पसरला. शेजारच्या खाटेवरच्या माणसाने नाकाला चादर लावली. भावजय पेला धरून उभी होती आणि तिच्या डोळ्यांतून घळाघळा पाणी वाहत होतं.

“हे सगळं आत होतं?” ती म्हणाली. “आणि आम्ही पेढे वाटल्यासारखे हसत होतो?”

तेवढ्यात तिच्या पर्समधला फोन वाजला. प्रत्यारोपण विभागातल्या बाई बोलत होत्या. जुळणारी फुफ्फुसं मिळाली होती. किती वेळात पोहोचाल?

“आम्ही इथेच आहोत,” भावजय म्हणाली. “तुमच्याच इमारतीत, दोन मजले खाली.”

शल्यचिकित्सक स्वतः खाली आले. त्यांनी तपासण्यांचे कागद चाळले, पेले बघितले, आणि खुर्ची ओढून बसले. आजाराने दोन्ही बाजू सडल्यात म्हणून दोन्ही फुफ्फुसं बदलायची असतात, एक जरी जुनं ठेवलं तरी ते नव्याला नासवतं, हे त्यांनी पूर्वीही सांगितलं होतं. आता ते सावकाश म्हणाले, “नवी फुफ्फुसं शरीराने झिडकारू नयेत म्हणून प्रतिकारशक्ती दाबून ठेवावी लागते. यांच्या रक्तात आज जंतू आहेत. आज हे केलं तर मी यांना टेबलावरच घालवीन. आज नाही जमणार.”

“मग ती फुफ्फुसं?” बहिणीने विचारलं.

“यादीतल्या पुढच्या माणसाला. ती काही तासच टिकतात.”

खाटेवरच्या भावाने डोळे मिटून घेतले. बहीण संतापाने उठून खोलीबाहेर गेली.

रविवारी नणंद-भावजय दोघी हॉलमध्ये गेल्या. गुरूंनी लांबूनच हाक दिली, “पत्र आणलंस, मुली?”

“आणलंय,” बहीण व्यासपीठावर चढत म्हणाली. “तुमचंच पत्रक आहे. या तेजस्वी मंडळींपैकी कुणीही पहिली ओळ वाचून दाखवावी.”

शिवणकाम करणाऱ्या एका बाईंनी हसत पत्रक घेतलं. आधी जवळ धरलं, मग हात लांब केला, मग डोळे चोळले. दुसऱ्याने घेतलं, तिसऱ्याने घेतलं. वीस माणसांत एकालाही ती ओळ वाचता येईना. खाली बसलेली माणसं चुळबुळ करू लागली.

“दिव्यदृष्टीला कागदाची गरज नसते!” गुरू ओरडले.

“मग तुम्ही पत्रकं छापता कुणासाठी?” बहिणीने खिशातून टॉर्च काढला. “दिवे लावा सगळे. पुढच्यांनी वर या आणि आपल्या डोळ्यांनी बघा.”

तिने टॉर्च भावजयीच्या डोळ्यावर मारला. बाहुली चटकन आक्रसली. मग शिवणकामवाल्या बाईंच्या डोळ्यावर मारला. बाहुली तशीच वाटोळी, काळी, हललीसुद्धा नाही. वर आलेल्या एका म्हाताऱ्याने टॉर्च हिसकावून स्वतः चौघांचे डोळे तपासले.

“हे तेज नाही, धोतऱ्याची नशा आहे,” बहीण म्हणाली. “यानं बाहुली मोठी होते, जीभ वाळते, कफ आत चिकटून बसतो. खोटं वाटत असेल तर गुरुजींनाच सांगा, एक पुडी घ्या म्हणून. आत्ता, सगळ्यांसमोर.”

“घ्या की!” म्हातारा म्हणाला.

“आज माझा निर्जळी उपवास आहे,” गुरू म्हणाले.

मागून कुणीतरी फिस्सकन हसलं. गुरूंच्या बाजूला ठेवलेला अर्धा ग्लास सरबत साऱ्यांनाच दिसत होता. त्या हशात गुरू जे मागच्या दाराकडे वळले, ते दारात उभ्या राहिलेल्या चौघांनी अडवले. पोलिसांना फोन झाला.

पण एक माणूस अजूनही पुडी मुठीत घट्ट धरून होता. “ताई, हे खरं असेल,” तो काकुळतीने म्हणाला, “पण माझा खोकला थांबला होता हो.”

उत्तर भावजयीने दिलं. “माझ्या नवऱ्याचाही थांबला होता. घाण आतच राहिली, तिचं विष रक्तात गेलं. ज्या दिवशी त्याच्यासाठी फुफ्फुसं आली, त्याच दिवशी डॉक्टरांना नाही म्हणावं लागलं. या माणसाने त्यांना मढ्याचा श्वास म्हटलं! कुणाच्या तरी घरातलं माणूस गेलं होतं. त्या लोकांनी रडत रडत होकार दिला होता, ओळख ना पाळख. आणि आम्ही इथे बसून टाळ्या वाजवत होतो. तुम्ही बाबा असाल, डॉक्टर असाल, कुणीही औषध दिलं तर विचारा: यात काय आहे? हे कसं काम करतं? माझं बरं झालं हे कशावरून? जो सांगणार नाही त्याचं काही घेऊ नका. मी विचारलं नाही.”

माणसाने पुडी तिच्या हातावर ठेवली. बाकीचेही एकेक करून पुढे आले, आणि दोघींनी त्या सगळ्यांना रुग्णालयाच्या गाडीत बसवून दिलं.

प्लंबरचा ताप उतरायला तीन आठवडे लागले. तापामुळे मागे ठेवलेलं त्याचं नाव पुन्हा यादीत लागलं. तो रोज सकाळी डोकं उतरतं ठेवून झोपतो, बायको पाठ थापते, आणि फोन उशाशी असतो. प्रत्यारोपण विभागाचं बोलावणं अजून आलेलं नाही.