कुलपाआडची माणसं

त्या उन्हाळ्यात उदगिरात नळ कधी येईल हे कुणालाच ठाऊक नव्हतं. चौकात पुरुष मंडळी उदगीर जिल्हा होणार की नाही यावर तावातावानं बोलत आणि घरोघरी बायका रांजणात डोकावून सुस्कारे टाकत. महानंदानं तर भलतीच युक्ती काढली होती. नवरा मोंढ्याच्या धान्यबाजारातल्या दुकानावर गेला की ती पुढच्या दाराला बाहेरून कुलूप लावायची आणि मागच्या दारानं घरात शिरायची. आल्यागेल्याला पाणी विचारलं नाही तर लाज जाते, विचारावं तर रांजणाचा तळ दिसतो! कुलूप बघून माणूस आपसूक माघारी जातो आणि वाईटपणाही येत नाही.

युक्ती फळली; बघता बघता गल्लीतल्या आणखी घरांनीही ती उचलली. येणंजाणं थांबलं. महानंदाची झोप मात्र उडाली. जरा कडी वाजली की छातीत धस्स व्हायचं. सासूबाई गंगम्मांचं ओट्यावर बसणं सुटलं, मग हळूहळू बोलणंही सुटलं. ताटातली भाकरी तशीच राहू लागली. वय झालं आता, असं महानंदा स्वतःची समजूत घालत राही.

एके सकाळी गल्लीत शेषेराव सर आले. ते कॉलेजात समाजशास्त्र शिकवत. दुष्काळात माणसांच्या मनावर किती ताण येतो, याचा अभ्यास करत ते दारोदार फिरत होते. महानंदा दाराआड श्वास रोखून उभी राहिली. निम्म्या गल्लीला कुलपं कशी, लोक गाव सोडून गेले की काय, असं सर शेजारच्या कमलम्माला विचारत होते. कमलम्माला सगळं माहीत होतं, पण "काय की," म्हणत ती दारापुढं झाडू लागली.

तेवढ्यात आतून गंगम्मा ओरडल्या, "ओ सर, जाऊ नका! आम्ही घरातच हाव!"

महानंदाला मेल्याहून मेल्यासारखं झालं. आता लपवण्यात अर्थ नव्हता. तिनं सरांना मागच्या दारानं आत घेतलं आणि अर्धा पेला पाणी पुढे केलं. ते राहू द्या म्हणत सर गंगम्मांजवळ बसले. पाण्याची लई काळजी वाटते का, असं त्यांनी विचारलं.

"पाण्याचं काय, दुष्काळ लई बघितले मी," म्हातारी म्हणाली. "पण आत माझा जीव गेला तर गल्लीत कुणाला कळणार न्हाई. दाराला कुलूप हाय ना."

महानंदाच्या डोळ्यांत टचकन पाणी आलं.

"सर, आमच्या दारातून कुणी तहानलेलं गेलं न्हाई आजवर," ती कशीबशी म्हणाली. "पाणी न्हाई म्हणून कोणत्या तोंडानं सांगू?"

"ताई, पाणी कुणाकडंच नाही," सर म्हणाले. "पण ज्या घरात माणसं येऊन बसतात, तिथं निदान झोप लागते, हे मी फिरून बघतोय. तुम्ही पाणी राखलंत आणि माणसं घालवलीत. बसा म्हणायला पाणी लागत नाही."

महानंदा उठली, मागून फेरा घालून पुढं आली आणि तिनं कुलूप काढलं.

संध्याकाळी कमलम्मा आली. तिच्या हातात तिचा स्वतःचा पाण्याचा तांब्या होता. "तुझं पाणी राहू दे," ती ओट्यावर टेकत म्हणाली. "माझ्या बी रांजणात एवढंच उरलंय गं. सांगायची लाज वाटत होती."

दोघी हसल्या, मग दोघींनी डोळे पुसले.

वाचकहो, टंचाई ही काही चोरी नव्हे, की ती कुलपाआड लपवावी. लपवलेली काळजी घरातल्या माणसाला आतून खाते, बोललेली काळजी चौघांत वाटली जाते. त्या दिवशीही नळ आला नाही. पण ओट्यावर बसून गंगम्मांनी अख्खी भाकरी खाल्ली.