तित्तिराचा आवाज

“कॅमेऱ्यापुढे गाता गाता मेली म्हणे. यांच्या जिभेला काही हाड?” एल्बियानं येर्बाच्या कडू काढ्याची तुंबडी टेबलावर आदळली.

“मावशी, तू ते वाचूच नकोस. आता दाखवेल तो नेस्तोर ती फीत,” यानिना म्हणाली.

पायसांदू शहराच्या टीव्ही वाहिनीवर एके काळी दिवेलागणीनंतर एक कापडी तित्तिर यायचा आणि गाणं म्हणत पोरांना अंथरुणात पिटाळायचा. टेबलाखाली बसून त्याला नाचवणारी मिर्ता, यानिनाची आई; आवाजही तिचाच. यानिना दुडुदुडु चालायला लागली तोच मिर्ता तापानं गेली; घरी, बहिणीचा हात धरून. पुढं वाहिनीनं कार्यक्रमाच्या फिती पुसून त्यांवर फुटबॉलचे सामने भरले. लेकीच्या कानात आईचा एक शब्द उरला नाही.

आता इंटरनेटवर हरवलेल्या कार्यक्रमांचा माग काढणारी मंडळी त्या तित्तिराच्या मागे लागली होती. अर्धवट आठवणींना तिखटमीठ लावून त्यांनी मिर्ताचं भूत करून टाकलं होतं. त्यांच्यातल्याच मोंतेविदेओच्या नेस्तोरला एक फीत सापडली, तर गर्दी जमावी म्हणून पठ्ठ्यानं ती रविवारपर्यंत दाबून ठेवली. एल्बियानं त्याला फोनवर झाडलं होतं, “आधी तिच्या लेकीला ऐकव, मेल्या. मग भरव तुझी जत्रा.”

“सगळ्यांबरोबरच मजा येते, सेन्योरा,” तो हसला होता.

आज तो रविवार. संगणकाच्या पडद्यावर मुंग्या आल्या. मग तित्तिर.

*नीज नीज तित्तिरा, गवताच्या कुशीला,*
*दिवस गेला नदीपार, चांदणं उशीला…*

“आई,” यानिना पुटपुटली. तिनं पडद्याला बोट लावलं.

एल्बिया पांढरीफटक पडली. ‘कुशीला’वर आवाज चिरकला होता. मिर्ताचा कधी चिरकला नाही. गप्प बसावं, पोरीला एवढं तरी मिळू दे, असं मनात आलं आणि त्या विचाराचाच तिला संताप आला. खोटी मिर्ता उभी करणाऱ्यांत आपणही?

“ती नव्हे, बाळा. मी आहे ती. तू जन्मलीस त्या दिवशीची. मिर्ता दवाखान्यात, म्हणून मला कोंबलं टेबलाखाली.”

“एवढी एकच उरली, आणि तीही…”

“तीही माझी. गाढविणीची.”

यानिनानं खाली लिहिलं : हा आवाज माझ्या मावशीचा आहे.

“पुरावा?” लगेच कुणीतरी विचारलं. दुसरा म्हणाला, “मावशीला भूत चावलं वाटतं.” मग तिची ओळच पुसली गेली आणि वर पट्टी झळकली : सापडलं. शोध संपला.

“संपला म्हणे,” एल्बियानं संगणक खाडकन मिटला. “माझ्या बहिणीला शोधत कोण होतं, नालायकांनो?”

यानिनानं खुर्ची मावशीकडे वळवली. मग म्हणाली, “ती कशी म्हणायची?”

“मला नाही जमत तिच्यासारखं.”

“कुठं वेगळं होतं, तेवढं सांग.”

एल्बियानं रागानंच घसा खाकरला. “‘कुशीला’ म्हटलं की ती थांबायची. सावकाश श्वास घ्यायची. आमच्या वाहिनीच्या साहेबाला ते खपायचं नाही. पण थांबायचीच.”

ती तिथवर गायली आणि थांबली.

त्या थांबलेल्या जागी यानिनानं श्वास घेतला.