शेवंतीवरची पालथी बादली

मी एक गळकी बादली बोलतेय. गळकी म्हटलं की लोक पुढचं ऐकून घेत नाहीत, थेट भंगारवाल्याची वाट बघतात. तुम्ही जरा थांबा.

मला एका पत्रेवाल्यानं ठोकून घडवलं. जाड जस्ती पत्रा, वळवलेला काठ, मजबूत कडी. आबांनी बरीच घासाघीस करून मला विकत घेतलं आणि घरी आल्याबरोबर धुणंभांडी, फरशी, सगळं माझ्या गळ्यात पडलं. पुढे माझा तळ गंजला. आबांनी डांबर लावून पाहिलं, पण मी गळायची ती गळतच राहिले. मग लाल प्लॅस्टिकची बादली आली आणि माझी रवानगी परसात झाली. माणसांना वस्तू वापरायची नसते आणि टाकवतही नाही, हे मी तिथे पडल्या पडल्या शिकले.

आबांच्या सुनेच्या माहेरी शेवंती होती. तिच्या वडिलांनी हौसेनं वाढवलेली, पाकळी आतून तांबूस आणि पाठीमागून पिवळी. वडील गेले, भावानं घर विकलं. निघायच्या घाईत त्यानं मुळासकट एक फुटवा उपटून तिच्या हातात दिला. म्हणाला, "हीच असावी बहुतेक." अंगणात शेवंत्या बऱ्याच होत्या आणि फूल नसताना सगळ्यांची पानं सारखीच.

तिनं तो पुढच्या पायऱ्यांजवळ लावला, कारण ऊन तेवढं तिथेच यायचं. रोप जरा वर आलं की ती शेंडे खुडायची.

"वाढू दे की बिचारीला," आबा म्हणायचे.

"खुडल्याशिवाय फुटवे येत नाहीत, आबा."

झुडूप चांगलं भरलं, पण कळी काही धरेना. एक हंगाम तसाच गेला. ती रोज सकाळी पानं बाजूला सारून बघायची. तिला नुसतं फूल नको होतं, रंग बघायचा होता. बाबांचं काही आपल्याकडे उरलंय की नाही, हे त्या रंगावर होतं.

शेवटी नर्सरीवाल्यानं सांगितलं, "शेवंतीला लांब रात्र लागते, ताई. जवळ दिवा जळत असेल तर कळी धरणार नाही."

दिवा होता. पायऱ्यांवरचा, आबांनी स्वतः बसवलेला. अंधारात त्याच पायऱ्यांवरून पडून त्यांनी गुडघा फोडून घेतला होता.

"दिवा बंद होणार नाही," आबा म्हणाले. सून परत शेवंतीपाशी बसून पानं बाजूला सारून बघू लागली. त्याचंच आबांना जास्त लागलं असावं.

दुसऱ्या दिवशी संध्याकाळी ते परसात आले, मला उचललं आणि शेवंतीवर पालथं घातलं. तळाच्या भोकातून उजेड आत जाऊ नये म्हणून वर जुनी चप्पल ठेवली. माझ्या डोक्यावर चप्पल! पण मान सांभाळायची ती वेळ नव्हती.

"आता लाव दिवा," ते म्हणाले.

मग रोज संध्याकाळी आबा मला घालायचे आणि सकाळी ती काढायची. आत पानांचा कडवट वास कोंडायचा. एक दिवस माझ्या पत्र्याला काहीतरी टणक टेकलं. कळी होती. मला फार आनंद झाला.

फूल उमललं ते पांढरंशुभ्र.

"हीच का गं?" आबांनी विचारलं.

"नाही हो. बाबांची तांबूस होती." तिचे डोळे भरून आले.

आबा पायरीवर बसले. "म्हणजे एवढं झाकझाक करून भलतीच फुलवली आपण." मग गुडघा धरून उठले. "चल, त्या घरी जाऊन विचारू. मी येतो बरोबर."

घर विकल्यापासून तिनं त्या गल्लीत पाऊल टाकलं नव्हतं. आबांनी माझी कडी धरली आणि पुढे चालू लागले, मग तीही निघाली. तिथल्या नव्या बाईंनी अंगण साफ करून टाकलं होतं. फक्त नळामागे एक वाळका खुंट उरला होता, बुडाशी दोनचार फुटवे. "हवं तर घेऊन जा," बाई म्हणाल्या.

मातीसकट तो खुंट माझ्यातच घातला आणि पुढे माझ्यातच लावला. शेवंतीच्या मुळांशी पाणी साचलेलं चालत नाही. माझ्यात साचतच नाही. ज्या भोकानं मला परसात बसवलं, त्यानंच आता कामाला लावलं.

पांढरीही पायऱ्यांपाशी आहे. तिला आता लाल बादली झाकते, वर जाड गोणपाट, कारण प्लॅस्टिकमधून उजेड झिरपतो. माझी सोय सोपी आहे. संध्याकाळी एका बाजूनं आबा, दुसऱ्या बाजूनं सून, असे दोघं कडी धरून मला परसातल्या अंधारात नेतात आणि सकाळी उन्हात आणून ठेवतात. आबा वाटेत दोनदा थांबतात आणि मीच जड झाले म्हणतात.

आज मला पायरीजवळ ठेवून दोघं चहाला आत गेले. आणि आत्ताच माझ्या काठाशी एक कळी तडकली. पाकळीची पाठ पिवळी आहे. आतून तांबूस कड दिसतेय.

मला हाक मारता येत नाही. तेवढी तुम्ही मारा.